मराठी बोलपटाच्या पहिल्या नायकाचे काम एका जागी आणा

प्रति,
राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, पुणे;
आकाशवाणीचा ध्वनिसंग्रह विभाग;
अखिल भारतीय मराठी नाट्य परिषद, मुंबई
यांच्या सर्व सन्माननीय पदाधिकाऱ्यांस

विषय : गोविंदराव टेंबे यांच्या रंगभूमीवरील, पडद्यावरील व संगीतातील कार्याचा एकत्र संग्रह

सविनय नमस्कार.

हे पत्र आपणा तिघांना वेगवेगळे न लिहिता एकत्र लिहीत आहे, कारण ज्या माणसासाठी ते लिहीत आहे त्याचे काम आपणा तिघांमध्ये वाटले गेले आहे. संगीताचे अभ्यासक गोविंदराव टेंबे यांना ‘मानापमान’ नाटकाच्या चाली देणारे आणि पेटीला मैफलीत मान मिळवून देणारे म्हणून ओळखतात. चित्रपटाच्या इतिहासात त्यांचे नाव ‘अयोध्येचा राजा’मधील हरिश्चंद्राच्या भूमिकेपुढे येते. नाट्यसंस्थांच्या इतिहासात ते गंधर्व नाटक मंडळीच्या तीन मूळ भागीदारांपैकी एक असतात, आणि बालगंधर्व व गणपतराव बोडस ही दोन नावे घेऊन झाल्यावर त्यांचे नाव घेतले जाते. ही तीनही माणसे एकच होती, हे अर्थातच सर्वांना ठाऊक आहे. पण त्यांचा एक भाग दुसऱ्याशिवाय नीट कळत नाही, याची पुरेशी जाणीव आपल्याकडे दिसत नाही. या पत्रात मला एवढेच मांडायचे आहे, आणि ते मांडून एक विनंती करायची आहे.

गोविंदराव १८८१ साली जन्मले आणि त्यांचे घडणे कोल्हापूरच्या वातावरणात झाले. शाहू महाराजांच्या आश्रयामुळे अल्लादियाखाँसाहेबांसारखा गवई त्या शहरात राहत होता, नाटक कंपन्यांचे मुक्काम पडत होते, आणि गाणे हा तिथे रोजच्या बोलण्याचा विषय होता. गोविंदराव पेटी शिकले ते मुख्यतः ऐकून. पेटीवर मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर सलग घसरत जाणे, निघत नाही, तिचे स्वर एकमेकांपासून सुटे असतात, असा जो आक्षेप त्या वाद्यावर पूर्वीपासून घेतला जातो, त्याला त्यांनी वादविवादापेक्षा आपल्या वाजवण्यातूनच उत्तर दिले. भास्करबुवा बखल्यांसारख्या गायकाला ते साथ करीत. थोर गायकाच्या मागे पेटी धरून बसणाऱ्याला त्याचा श्वास कुठे तुटतो, शब्द कुठे थांबतो, सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा, गाठण्यापूर्वी तो किती वेळ श्रोत्यांना ताटकळत ठेवतो, हे सारे आतून कळू लागते. पुढे त्यांनी जे जे केले त्याचे मूळ मला या साथीत दिसते.

१२ मार्च १९११ या दिवशी किर्लोस्कर नाटक मंडळीने कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांचे ‘मानापमान’ मुंबईत रंगभूमीवर आणले. त्याच दिवशी बालगंधर्वांची मुलगी वारली होती आणि तरीही ते नायिका भामिनी म्हणून उभे राहिले, ही हकीकत प्रत्येक मराठी नाट्यरसिकाला माहीत आहे. त्या रात्री संगीत नाटकाचे गाणे वेगळ्या वाटेने निघाले, ही गोष्ट तितकीशी सांगितली जात नाही. त्यापूर्वीच्या संगीत नाटकांत साकी, दिंडी, कामदा, अंजनीगीत आणि कीर्तनातून आलेल्या चाली यांचा भरणा मोठा होता. गोविंदरावांनी ‘मानापमान’साठी उत्तरेकडच्या ठुमरी-दादऱ्यांच्या वळणाच्या आणि रागदारीच्या चाली निवडल्या, आणि नटाला पदातला भाव गाण्यातून फुलवायला अवकाश मिळवून दिला. १९२१ मध्ये टिळक स्वराज्य फंडासाठी केशवराव भोसले आणि बालगंधर्व यांनी जो संयुक्त ‘मानापमान’ केला, त्या प्रयोगाच्या पाठीशीही याच चाली होत्या.

याच १९११ साली नानासाहेब जोगळेकर निवर्तले. ‘मानापमान’मधला धैर्यधर तेच करीत, आणि त्यांच्या जाण्याने कंपनीचा गाणारा नायकच गेला. १९१३ मध्ये बालगंधर्व, बोडस आणि टेंबे किर्लोस्कर मंडळीतून बाहेर पडले आणि त्यांनी गंधर्व नाटक मंडळी काढली. पेटी आणि चाली यांमुळे रंगभूमीशी जोडले गेलेले गोविंदराव तोंडाला रंग लावून उभे राहिले आणि गाणाऱ्या नायकाच्या भूमिका करू लागले. वयाची तिशी उलटल्यावर नट झालेला हा माणूस बालगंधर्वांसमोर नायक म्हणून उभा राहत होता, हे क्षणभर डोळ्यांपुढे आणून पाहावे. समोरच्या नायिकेवर सारे प्रेक्षागृह लुब्ध झालेले, तिचे प्रत्येक पद पुन्हा पुन्हा मागितले जाणारे, आणि नायकाने मात्र त्या सगळ्यात आपली जागा राखून नाटक पुढे न्यायचे. दोनएक वर्षांनी ते गंधर्व मंडळीतून निघाले आणि त्यांनी शिवराज नाटक मंडळी काढली. पुढे त्यांनी स्वतः नाटकेही लिहिली. त्यांच्या ‘तुलसीदास’ नाटकातले ‘मन हो राम रंगी रंगले’ हे पद आजही मैफलींतून गायिले जाते, पण ते कोणत्या नाटकातले आणि कोणाचे, हे ऐकणाऱ्यांपैकी फार थोड्यांना सांगता येते.

आता १९१३ हे साल पुन्हा पाहावे, असे मी विशेषतः चित्रपट संग्रहालयाला सुचवीन. त्या वर्षी ३ मे रोजी मुंबईत गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमात दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर आला. त्यात तारामतीचे काम अण्णा साळुंके या पुरुषाने केले होते, कारण कॅमेऱ्यासमोर यायला स्त्री मिळाली नाही. म्हणजे गंधर्व मंडळी आणि भारतीय कथापट ही दोन्ही एकाच वर्षाची, आणि दोन्हीकडे नायिका पुरुषच. त्यानंतर एकोणीस वर्षांनी कोल्हापूरच्या प्रभात फिल्म कंपनीने आपला पहिला बोलपट काढायचे ठरवले तेव्हा कथा हरिश्चंद्राचीच निवडली, दिग्दर्शन व्ही. शांताराम यांनी केले, आणि हरिश्चंद्र झाले गोविंदराव टेंबे. तारामतीच्या भूमिकेत मात्र आता दुर्गाबाई खोटे होत्या, सुशिक्षित आणि प्रतिष्ठित घरातल्या. ६ फेब्रुवारी १९३२ रोजी ‘अयोध्येचा राजा’ प्रदर्शित झाला. ज्या नटाने रंगभूमीवर बालगंधर्वांसमोर नायक उभा केला, त्यानेच पडद्यावर दुर्गाबाईंसमोर नायक उभा केला. स्त्रीची भूमिका पुरुषाने करण्याच्या काळातून ती स्त्रीने करण्याच्या काळात मराठी अभिनय कसा आला, हे एकाच माणसाच्या कारकिर्दीत इतके लख्ख दिसणारे दुसरे उदाहरण मला आठवत नाही.

त्या वेळी गोविंदरावांनी पन्नाशी गाठली होती. मूकपटाच्या जमान्यात नायकाला देखणेपण, घोडेस्वारी आणि तलवारबाजी पुरत असे. बोलपट आल्यावर एकाएकी ज्याला बोलता येते आणि गाता येते अशा माणसाची गरज पडली, आणि असा माणूस नाटक कंपन्यांशिवाय कुठेच नव्हता. शिवाय १९३२ मध्ये पार्श्वगायनाची सोय आलेली नव्हती. चित्रण चालू असतानाच नटाने गायचे, वादकांनी चौकटीच्या बाहेर राहून साथ करायची, आणि एका ठिकाणी चूक झाली तर सगळे पुन्हा करायचे. बोलपट मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत काढला असल्याने हे कष्ट दुप्पट झाले. प्रभातचे एक संस्थापक विष्णुपंत दामले ध्वनिमुद्रणाची बाजू सांभाळीत होते, आणि बोलपटाचे संगीत खुद्द हरिश्चंद्राचे काम करणाऱ्या गोविंदरावांचे होते. संगीतकार, गायक आणि नायक या तीन जबाबदाऱ्या एकाने अशा यंत्रासमोर पार पाडल्या, ज्याची सवय त्या वेळी महाराष्ट्रात फार थोड्यांना होती.

हा बोलपट मी प्रथम पाहिला तो एका छोट्या सभागृहात, अनेकदा नक्कल काढल्यामुळे पुसट झालेल्या प्रतीवरून. चित्र धूसर होते, ते चालून गेले. आवाज मात्र इतका फाटलेला होता की अर्ध्या पदांचे शब्द कळत नव्हते, आणि माझ्या शेजारी बसलेले दोन तरुण मध्यंतरापूर्वीच उठून गेले. त्यांचा मला राग आला नाही. समोरचा नट काय गातो आहे हे कळत नसेल, तर त्यांनी कशासाठी बसावे? पण स्मशानाच्या प्रसंगात, जिथे डोंबाचा चाकर झालेला राजा स्वतःच्या मुलाच्या अंत्यविधीचा कर स्वतःच्या पत्नीकडे मागतो, तिथे त्या खरखरीतूनही गोविंदरावांचा आवाज माझ्यापर्यंत पोहोचला. शेवटच्या रांगेपर्यंत ऐकू जावे अशी रंगभूमीची शब्दफेक त्यात आहेच, हातवारेही आजच्या मानाने मोठे आहेत. मात्र शब्दाआधीचे थांबणे आहे ते थेट साथीदाराचे, समेच्या आधी श्वास रोखून बसणाऱ्याचे. अभिनयातला हा विराम पेटीवरून आलेला आहे असे मला तेव्हा वाटले आणि अजूनही तसेच वाटते. हे माझे मत झाले. ते चुकीचे असेल तर ते खोडून काढण्यासाठीही ती पदे आणि ते संवाद स्वच्छ ऐकू येण्याची गरज आहे.

रंगभूमीवरचे मोठेपण कॅमेऱ्यासमोर आपोआप टिकत नाही, हे त्या दशकाने वारंवार दाखवले. बालगंधर्वांनी १९३५ मध्ये प्रभातच्याच ‘धर्मात्मा’मध्ये एकनाथांची भूमिका केली, पण ज्यांना स्त्रीरूपात पाहण्याची लोकांना पंचवीस वर्षांची सवय होती, त्यांना पुरुषवेषात स्वीकारणे प्रेक्षकांना जड गेले. याउलट विष्णुपंत पागनीस रंगभूमीवर स्त्रीभूमिका करीत आलेले, आणि १९३६ च्या ‘संत तुकाराम’मध्ये ते असे काही तुकाराम झाले की पुढे कित्येकांच्या मनातला तुकोबांचा चेहरा त्यांचाच राहिला. केशवराव दाते ‘कुंकू’मध्ये आपला आवाज खाली आणून काकासाहेबांचे एकाकीपण दाखवू शकले. या सर्वांच्या आधी, कोणाचे उदाहरण समोर नसताना, गोविंदराव कॅमेऱ्यापुढे उभे राहिले. त्याच १९३२ साली त्यांनी ‘मायामच्छिंद्र’मध्ये मच्छिंद्रनाथ केला. तिथेही दुर्गाबाई खोटे त्यांच्यासमोर होत्या, मास्टर विनायक गोरखनाथाच्या भूमिकेत होते, आणि संगीत गोविंदरावांचेच होते. पुढच्या नटांना जी वाट मळलेली मिळाली, ती पहिल्यांदा कोणी तुडवली याची नोंद अभिनयाच्या इतिहासात ठळकपणे व्हावी, असे मला मनापासून वाटते.

आकाशवाणीला या पत्रात सामील करून घेण्याचे कारणही सांगतो. १ मार्च १९४० पासून नभोवाणीवर पेटीला बंदी झाली आणि ती उठायला १९७१ उजाडले. गोविंदराव १९५५ मध्ये गेले. म्हणजे त्यांच्या आयुष्याची शेवटची पंधरा वर्षे, जेव्हा त्यांच्या हाताखालून सारे आयुष्यभराचे गाणे निघाले असते, तेव्हा देशातल्या सर्वात मोठ्या ध्वनिमाध्यमाचे दार त्यांच्या वाद्याला बंद होते. हा जुना हिशेब मी कोणाला दोष देण्यासाठी काढलेला नाही. ज्यांनी तो निर्णय घेतला त्यांची काही सांगीतिक भूमिका होती, आणि ती चुकीची होती असे माझे मत असले तरी तो वाद इथे नको. पण याच गोविंदरावांनी ‘महाश्वेता’सारखी संगीतिका रचली आणि नभोवाणीला साजेसा श्राव्य नाट्यप्रकार मराठीत घडवण्याचा प्रयत्न केला. वाद्याला दार बंद होते तरी माणूस दुसऱ्या दाराने आत आला. म्हणून जुन्या ध्वनिफिती, कार्यक्रमपत्रिका, संहिता यांत त्यांचे जे जे सापडेल ते शोधून काढावे, ही आपणाकडे प्रार्थना आहे. त्यांच्या चालींवर नंतरच्या कलावंतांनी केलेले कार्यक्रमही या शोधात यावेत.

नाट्य परिषदेकडे वेगळे मागणे आहे. नाटक कंपन्यांचे कागद ग्रंथालयांपेक्षा घरांतून जास्त राहिले आहेत. कोणाच्या आजोबांनी कंपनीत भात शिजवला, कोणी तंबोरा धरला, कोणी पडदे रंगवले, कोणी तिकिटे विकली. त्यांच्या ट्रंकांमधून हस्तपत्रिका, भूमिकांच्या हातांनी उतरलेल्या नकला, मुक्कामाची पत्रे आणि छायाचित्रे असतात, आणि घर पाडून इमारत बांधायची वेळ आली की हे सारे रद्दीत जाते. परिषदेच्या शाखा गावोगावी आहेत. शिवराज आणि गंधर्व या दोन मंडळ्यांच्या संबंधात असे काही कोणाकडे असेल तर ते मूळ कागद न मागता, त्याच घरी जाऊन त्यांची छायाचित्रे घ्यावीत, असे आवाहन परिषदेने केले तर लोक ते नाकारणार नाहीत. मूळ कागद सोडायला माणसे तयार नसतात, आणि त्यांचे बरोबरच आहे. कोणत्या गावी, कोणत्या तारखेला, कोणत्या नाटकात गोविंदराव कोणती भूमिका करीत होते, एवढी एक सलग नोंद यातून तयार झाली तरी पुढच्या चरित्रकाराचे निम्मे काम होईल. गोविंदरावांनी स्वतः ‘माझा संगीत व्यासंग’ आणि ‘माझा जीवनविहार’ ही दोन पुस्तके लिहून आपली बाजू मांडलेली आहेच. त्यांच्या आठवणींना अशा कागदांची जोड मिळाली पाहिजे.

चित्रपट संग्रहालयाकडे माझे सर्वात मोठे आणि सर्वात तातडीचे मागणे आहे. ‘आलम आरा’ हा १९३१ चा पहिला भारतीय बोलपट आज कुठेही उपलब्ध नाही. ‘अयोध्येचा राजा’ सुदैवाने टिकला आहे. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात, पूर्वीच्या प्रभातच्याच आवारात, सहज पेट घेणाऱ्या जुन्या नायट्रेट फिल्मच्या गोदामाला लागलेल्या आगीत आपण काय गमावले हे आपणाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक आहे. म्हणून जे उरले आहे त्याचे मोल वेगळे सांगायला नको. या बोलपटाच्या मराठी आणि हिंदी, दोन्ही आवृत्त्यांच्या ज्या ज्या प्रती जिथे जिथे असतील त्या मिळवून, त्यांची एकमेकींशी तुलना करून, सर्वात चांगला भाग ज्या प्रतीत असेल तो तिथून घेऊन नवी प्रत सिद्ध व्हावी. हे करताना चित्राइतकेच, किंबहुना चित्रापेक्षा जास्त, लक्ष आवाजावर द्यावे. जुन्या चित्रपटांची डागडुजी म्हटली की आपण ओरखडे पुसण्याचा विचार आधी करतो. परंतु या बोलपटाचे सारे महत्त्व तो बोलतो आणि गातो यात आहे. ध्वनीची खरखर काढताना गायकाच्या आवाजातली धार जाऊ नये यासाठी जुने नाट्यसंगीत कानात असलेली व्यक्ती तंत्रज्ञांच्या शेजारी बसलेली असावी. पदांचे शब्द पडद्यावर मराठीत उमटावेत, आणि श्रेयनामावली वाचता येईल अशी असावी.

कायद्याची अडचण फारशी येऊ नये. आपल्या कायद्याप्रमाणे चित्रपटाचा स्वामित्वहक्क प्रकाशनानंतर साठ वर्षांनी संपतो. १९३२ च्या बोलपटाची ही मुदत कधीच उलटून गेली आहे. लेखकाचा आणि संगीतरचनाकाराचा हक्क त्याच्या मृत्यूनंतर साठ वर्षे राहतो, आणि गोविंदराव १९५५ मध्ये गेले असल्याने २०१६ च्या १ जानेवारीपासून त्यांची पुस्तके, नाटके आणि चाली सर्वांसाठी मोकळ्या झाल्या आहेत. त्यामुळे हा सारा संग्रह विनामूल्य, कोणालाही घरबसल्या पाहता-ऐकता येईल असा ठेवता येतो. तिन्ही संस्थांनी आपापल्या जागी वस्तू राखाव्यात, त्यांची सूची मात्र एकच करावी, म्हणजे ‘मानापमान’ची चाल ऐकणाऱ्याला त्याच ठिकाणी हरिश्चंद्रही दिसेल, आणि हरिश्चंद्र पाहणाऱ्याला त्याच्यामागचा पेटीवाला भेटेल.

६ फेब्रुवारी २०३२ रोजी ‘अयोध्येचा राजा’ला शंभर वर्षे पूर्ण होतील. त्याच्या आदल्या वर्षी गोविंदरावांच्या जन्माला दीडशे वर्षे होतील. त्या फेब्रुवारीत नवी प्रत प्रथम कोल्हापुरात दाखवली जावी अशी माझी इच्छा आहे, कारण प्रभातने तो बोलपट तिथेच घडवला. त्यासाठी प्रती शोधण्याचे काम लगेच हाती घेतले पाहिजे, कारण फिल्मचे रसायन शताब्दीच्या तारखेची वाट पाहत नाही.

माझ्याकडे द्यायला पैसा किंवा अधिकार नाही. मी पेटी वाजवतो, जुन्या नाट्यपदांच्या बऱ्याच चाली मला पाठ आहेत, आणि अस्पष्ट ध्वनिमुद्रणातून शब्द उतरवून घेण्याचे काम मी अनेक वर्षे स्वतःसाठी करीत आलो आहे. ‘अयोध्येचा राजा’ आणि ‘मायामच्छिंद्र’मधील पदांचे शब्द आणि स्वरलेखन तयार करण्याच्या कामी माझा उपयोग होणार असेल, तर आपण बोलवाल त्या दिवशी मी हजर राहीन.

आपला नम्र,
एक पेटीवादक